जहाजवाल्या आबांची सब्ज़ी

बोदवडला बदली झाली तेव्हा मी खोली बघायला गेले, आणि घरमालकांनी मला पहिला प्रश्न विचारला तो असा, "शेपू खाता का?"

जात, गाव, लग्न, पाहुणे किती येतात, या सगळ्याची उत्तरं मी धुळ्याहून येताना एसटीतच तयार करून ठेवली होती. शेपूचं उत्तर माझ्याकडे नव्हतं. खरं ते सांगून टाकलं, की मला त्याचा वासही सहन होत नाही. त्यांनी चष्मा कपाळावर चढवला, माझ्याकडे दुःखाने पाहिलं आणि आत तोंड करून म्हणाले, "अगं, ही मुलगी शेपू खात नाही." आतून बाईमाणसाचा आवाज आला, "मंग काय झालं? ते खोलीत राह्यची का शेपूत राह्यची?" ती माडीवरची खोली मला मिळाली ती या आतल्या आवाजामुळे. तो आवाज अक्कांचा. आणि शेपूवाले ते आबा.

गावात त्यांना जहाजवाले आबा म्हणत. केळीच्या बागा असलेल्या घरातला हा माणूस तरुणपणी मुंबईला गेला, तिथून मालवाहू जहाजावर चढला आणि उभा जन्म इंजिनाच्या खोलीत फिटर म्हणून काढून परत आला. बोदवडला समुद्र कुठल्याच बाजूने जवळ नाही, उन्हाळ्यात तर नळालाही पाणी नसतं. पण आबांच्या घरात शिरलं की जहाजावर पाय ठेवल्यासारखं वाटायचं. कपबश्या फळीवर नसत, आकड्यांना टांगलेल्या असत. त्यांच्या पलंगाला दोन्ही बाजूंनी लाकडी पट्ट्या ठोकलेल्या होत्या, झोपेत गडगडून पडू नये म्हणून. जेवायला बसताना ते आधी ओलं फडकं पिळून पसरत आणि त्याच्यावर ताट ठेवत. समुद्र खवळला की ताट घसरतं, ओल्या कापडावर ते धरून राहतं. अक्का म्हणत, "आपलं घर हालत नाही, हे सांगून सांगून मी थकली." आबा मान हलवत, आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा फडकं पिळत.

कान त्यांचा जबरदस्त होता. पलीकडच्या गल्लीतली पिठाची गिरणी सुरू झाली की हे हातातलं काम थांबवून ऐकत आणि म्हणत, पट्टा सैल पडलाय. मग काठी घेऊन सांगायला निघत. गिरणीवाल्याने बोलावलेलं नसे. आबांना त्याचं काही वाटत नसे. बिघडायला लागलेलं यंत्र ऐकू येत असताना घरी बसणं त्यांना जमत नव्हतं, इतकंच.

परसात मोरीचं पाणी जिथे जाई तिथे अळूचं दाट बेट होतं. त्याच्या पलीकडे वाफे, शेपूचे, कोथिंबिरीचे, मेथीचे, कांद्याच्या पातीचे. हा सगळा बेत वर्षातल्या एका दिवसासाठी. मार्च महिन्यात दिवस आणि रात्र सारखी होतात तो दिवस इराणी लोकांचा वर्षारंभ. आपला पाडवा त्याच्या आसपास कधी आधी, कधी नंतर येतो. पाडव्याला अक्का पुरणपोळी करत आणि त्या इराणी पाडव्याला आबा परसात खड्डा खणून कूकू सब्ज़ी करत.

कूकू सब्ज़ी म्हणजे काय, ते मी पहिल्या वर्षी बघितलं. शेपू, कोथिंबीर, मेथी आणि पात इतकी बारीक चिरायची की ओळख राहता कामा नये. त्यात हळद, मिरपूड आणि अंडी. अंडी जेमतेम बांधून धरण्यापुरती. हिरवं जास्त, पिवळं कमी. इराणात हे परातीएवढ्या तव्यावर जाड थापून दोन्हीकडून परततात आणि वड्या पाडतात. त्यात ते कसलीशी आंबट लाल फळं घालतात, ती इथे मिळत नाहीत. आबा अंबाडीच्या लाल बोंडांच्या पाकळ्या वाळवून ठेवत आणि त्या घालत. अक्रोड भुसावळहून आणत. अक्का त्यात शेंगदाण्याचा कूट टाकून देत. आबांनी याला सुरुवातीला विरोध केला असावा, पण खानदेशात राहून शेंगदाण्याला विरोध किती दिवस करणार.

इथपर्यंत ते इराणी. पुढचं मात्र जगाच्या दुसऱ्या टोकाचं, प्रशांत महासागरातल्या सामोआ नावाच्या बेटावरचं. आबा त्या हिरव्या मिश्रणात नारळाचं दाट दूध घालत, दोन-दोन अळूची पानं एकावर एक ठेवून त्यात ते ओतत, वरून केळीच्या पानात पुरचुंडी बांधत. काळे दगड कपाशीच्या काड्यांवर लाल होईपर्यंत तापवलेले असत. ते खड्ड्यात घालायचे, त्यावर केळीच्या खांबाची सोपटं, त्यावर पुरचुंड्या, पुन्हा पानं, ओलं पोतं, आणि माती. मग आबा बाजूला स्टुलावर बसत आणि दुपार उलटेपर्यंत तिथून हलत नसत. अळू कच्चं राहिलं तर घसा खाजतो, म्हणून घाई करायची नाही.

बेटावरचे लोक त्या भट्टीला उमू म्हणतात, आणि अळू-नारळाच्या पुरचुंडीला पालुसामी. अक्कांचा कितीतरी वर्षं समज होता की पालुसामी हा जहाजावरचा कुणी मद्रासकडचा गृहस्थ. आबा घरी आले की त्या आवर्जून विचारत, पालुसामी बरे आहेत ना, त्यांच्या घरचे बरे आहेत ना. आबांनीही हो, बरे आहेत, असं सांगत बराच काळ काढला.

घरात अंडं येत नसे. अक्कांचा तो नियम होता आणि आबांनी तो कधी मोडला नाही. अंडी शेजारच्या खालाबींकडून थेट परसात येत. खालाबी कोंबड्या पाळत, आणि या दिवसाची अंडी आठवडाभर आधीपासून बाजूला ठेवत. अक्का पहाटेपासून सगळ्या भाज्या निवडत, धुवत, चिरून देत, नारळ खवून दूध काढून देत आणि पातेलं मागच्या दाराच्या उंबऱ्यावर ठेवून आत वळत. "भाजी माझी, पाप तुमचं," असं दरवर्षी म्हणत. आबा पातेलं उचलत. अंडी फोडायची ती कडुनिंबाच्या पलीकडे जाऊन, जिथून उंबरा दिसत नाही.

मी शेपूचा वास न सोसणारी, तरी पहिल्या वर्षी नाक दाबून घास घेतला आणि दुसरी पुरचुंडी मागितली. धुराचा वास, नारळाचा गोडवा, मधेच अंबाडीची आंबट चुणूक. अळू तर लोण्यासारखं झालं होतं. आबांनी माझ्या तोंडाकडे बघितलं आणि पुढच्या पुरचुंडीची गाठ सोडली.

दुसऱ्या वर्षीची गोष्ट गावात अजून सांगतात. मागच्या गल्लीत नवीन भाडेकरू आले होते. त्यांच्यातल्या कुणी गच्चीवरून पाहिलं, की एक म्हातारा खड्डा खणतोय, त्यात तापलेले दगड घालतोय, पानांत बांधलेलं काहीतरी पुरतोय आणि वर बसून पुटपुटतोय. आबा खरं तर जुनी गाणी म्हणत होते. पण तासाभरात गल्लीभर झालं, की जहाजवाल्याकडे गुप्तधनाची पूजा चाललीय. कुंपणापाशी माणसं जमली. कुणी म्हणालं पोलिसांना सांगा, कुणी म्हणालं आधी बघू निघतं काय. खालाबी तिथेच उभ्या होत्या, त्यांनी सांगून पाहिलं की अरे, ये तो अंडे की भाजी है, पण त्यावर कुणाचा विश्वास बसेना. अंड्याची भाजी जमिनीत कोण पुरतो?

आबांनी सगळ्यांना आत घेतलं, स्टुलं, पोती, जे असेल त्यावर बसवलं आणि म्हणाले, "अजून शिजायचंय. आलात तसे थांबा." लोक थांबले. उमू उघडला तेव्हा वास असा काही उसळला की बोलणं बंद झालं. त्यातले निम्मे लोक अंडं न खाणाऱ्या घरांतले होते. ते तोंडावर नको नको म्हणाले आणि पांगले. पण पुढचा अर्धा तास मागच्या कुंपणाशी एकेक जण एकटा येत होता, आणि आबा कुंपणावरून पुरचुंडी देत होते. एकमेकांना कुणी दिसणार नाही इतकं अंतर ठेवून ते आले, याचं श्रेय आबांनी त्यांना मोकळेपणाने दिलं. म्हणाले, याला म्हणतात शिस्त.

सगळ्यांचं वाढून झालं की आबा एक पुरचुंडी बाजूला काढत आणि म्हणत, ही आगाची. ती घेऊन ते एकटेच केळीच्या बागेकडे जात. तुम्ही नाही खाणार का, असं विचारलं तर म्हणत, मी नुसता रांधतो. मला वाटायचं, गाईला नाहीतर कावळ्याला ठेवत असतील.

आगा कोण, ते तिसऱ्या वर्षी कळलं. आम्ही दोघं अळूच्या पानांच्या शिरा काढत बसलो होतो. अक्का देवळात गेल्या होत्या. मी सहज विचारलं, आणि आबांनी हातातलं पान खाली ठेवून सगळं सांगितलं.

आगा त्यांच्या जहाजावरचा इराणी स्वयंपाकी. एका फेरीत जहाज सामोआच्या बंदराबाहेर नांगर टाकून थांबलं ते थांबलंच. मालकाचं दिवाळं निघालं होतं. पगार नाही, तेल नाही, बंदरात घेत नाहीत, उतरू देत नाहीत. महिने गेले. कोठारातलं धान्य संपत आलं. आबा निघताना आईने देव्हाऱ्यापुढे त्यांच्याकडून वचन घेतलं होतं, की मांस, मच्छी, अंडं यातलं काही तोंडात घालणार नाही. इतकी वर्षं त्यांनी ते डाळ-भातावर निभावलं होतं. आता डाळ संपली. बाकीचे मासे धरून खात होते. आबा भाताची पेज पीत होते. एक दिवस ते इंजिनाच्या जिन्यावर चक्कर येऊन पडले.

बेटावरच्या बाया होड्यांतून येत आणि जहाजावर उपाशी माणसं आहेत म्हणून पानांतली पुरचुंडी, नारळ, कोंबडीची अंडी वर देत. फुकट देत, आणि येताना गाणी म्हणत येत. पुरचुंडीत मासा असे म्हणून आबा ती घेत नसत, आणि नारळ सगळ्यांत मिळून घोटभर येई. आगाचा नवीन वर्षाचा दिवस आला तेव्हा त्याच्याकडे होती नव्हती ती सगळी सुकी पाती त्याने डब्यांच्या तळातून खरवडून काढली. तवा तापवायला गॅस नव्हता. मग बायांनी परवानगी काढून दोघांना किनाऱ्यावर नेलं, आणि बायांच्या उमूत, त्यांच्या अळूत, त्यांच्या नारळात त्याने आपली कूकू शिजवली. पहिली पुरचुंडी त्याने आबांपुढे ठेवली. आबांनी विचारलं, हे काय. तो म्हणाला, सब्ज़ी. त्याच्या भाषेत सब्ज़ी म्हणजे हिरवा पाला. आपल्याकडे सब्जी म्हणजे भाजी. त्याला आबांचं वचन ठाऊक होतं. तो पुन्हा म्हणाला, सब्ज़ी, फक्त सब्ज़ी.

"खाल्लं मी," आबा म्हणाले. "पुढे बायांच्या अळूत अंडी घालून रोज देत होता, रोज खाल्लं. त्यावर उभा राहिलो."

मी म्हटलं, म्हणजे फसवलंच की त्यांनी.

आबांनी नकारार्थी मान हलवली. पुरचुंडी उघडताच वासावरून त्यांना कळलं होतं. त्यांच्या डोळ्यांवरून आगालाही कळलं होतं, की याला कळलंय. पण दोघंही शेवटपर्यंत सब्ज़ीच म्हणत राहिले. पुढे एका संस्थेने सगळ्यांना विमानाने घरी पाठवलं. विमानतळावर दोघं वेगळ्या रांगांत गेले आणि त्यानंतर आगाचा काही पत्ता लागला नाही.

बागेत नेलेली पुरचुंडी आबा स्वतः खात. हे अक्कांना माहीत नव्हतं.

आणि अक्कांच्या उपासाचं ओझं आबांच्या छातीवर होतं. आबा पहिल्यांदा समुद्रावर गेले तेव्हापासून अक्का दर एकादशीला पाणीसुद्धा न पिता राहत. सासू गेल्यावर त्या वचनाची राखण त्यांनी आपल्याकडे घेतली. त्या म्हणत, माणूस परमुलखात, चुकून पोटात काही गेलंच तर माझ्या उपासातून वजा व्हावं. आबा कायमचे घरी आले तरी उपास सुटला नाही.

त्याच वर्षी दिवाळीनंतर अक्का जिना चढताना धापा टाकायला लागल्या. मी ग्रामीण रुग्णालयात औषधं द्यायचं काम करते, म्हणून मीच त्यांना तिथे नेलं. रक्त फार कमी झालं होतं. डॉक्टरांनी गोळ्या लिहून दिल्या, कडक उपास बंद करायला सांगितले आणि म्हणाले, अंडं चालत असेल तर रोज द्या. अक्का हसल्या. गोळ्या घेईन म्हणाल्या. उपासाचं बोलल्या नाहीत, आणि पुढच्या एकादशीला पुन्हा पाणी न घेता बसल्या.

पुण्याहून मुलाचा फोन आला. आबांनी तो स्पीकरवर ठेवला होता, मला सगळं ऐकू येत होतं. मुलगा म्हणत होता, एवढं काय त्यात, पालकाच्या भाजीत घालून द्या, तिला काय कळतंय. आबांनी फोन बंद केला. त्यांना रागावलेलं मी तेवढंच एकदा पाहिलं. मी हळूच म्हटलं, की आगांनीही तुम्हाला असंच जगवलं ना.

"आगा आणि मी, दोघांना माहीत होतं," आबा म्हणाले. "तिथे खोटं कुणी बोलतच नव्हतं. हिच्या ताटात हिला न कळता काही पडणार नाही, मी असेपर्यंत."

मग त्यांनी फोन बाजूला ठेवला. नंतर म्हणाले, खोटं आहे ते दुसरीकडेच आहे. ही माझ्यासाठी रक्त आटवतेय, आणि मी वचन कधीच खाऊन बसलोय.

त्या दुपारी त्यांनी अक्कांना सगळं सांगितलं. मी माडीवर होते. शब्द कळत नव्हते, नुसता आबांचा सपाट आवाज येत होता, गिरणीवाल्याला पट्ट्याबद्दल सांगताना येई तसा. अक्कांचा आवाज आला नाही. संध्याकाळी खाली उतरले तर चूल पेटलेली होती, आबा ओसरीवर बसले होते आणि जेवायला हाक आली ती मला एकटीला. आबांचं ताट वाढून ठेवलेलं होतं, पण हाक नव्हती. पुढचे कितीतरी दिवस असंच चाललं. आबा गिरणीकडे कान देईनात. टांगलेल्या कपांवर धूळ बसली. खालाबी एकदा कुंपणापाशी येऊन मला विचारून गेल्या, की घरात कुणी गेलंय का.

मग एकादशी आली. सकाळी मी डबा घ्यायला खाली गेले तर अक्का चुलीपुढे बसून भाकरी खात होत्या. कळण्याची भाकरी, ठेचा आणि तेल. मी दारातच थांबले. त्यांनी मला बसायला सांगितलं आणि मलाही भाकरी वाढली.

"उपास सोडला का?" मी विचारलं.

"मी उपास कशाले ठेवत होती?" त्या म्हणाल्या. "हा माणूस जित्ता घरी यावा म्हणून. आला. उपासानं आणला का अंड्यानं आणला, मले काय करायचं."

पण आबांशी त्या अजून बोलत नव्हत्या. मी विचारलं, मग राग कशाचा. त्यांनी भाकरीचा तुकडा मोडून हातातच धरला. म्हणाल्या, हे जिन्यावर पडले, महिनेच्या महिने उपाशी राहिले, आणि मला येऊन काय सांगितलं, तर सगळं बरं होतं. इतकी वर्षं मी पालुसामीची खुशाली विचारत बसले. वचनाचं सोडा. उपाशी होते ते तरी सांगायचं होतं.

हे मी आबांना सांगितलं नाही. सांगणं माझं काम नव्हतं.

मार्च आला. आबांनी त्या वर्षी खड्ड्याची काही तयारी केली नाही. वाफ्यांतला शेपू वाढून फुलावर आला होता. त्या दिवशी सकाळी मला सुट्टी होती. मी खाली आले तेव्हा मागच्या दाराच्या उंबऱ्यावर पातेलं ठेवलेलं होतं, वर झाकण. आत चिरलेली भाजी, अगदी बारीक, शेंगदाण्याच्या कुटासकट. बाजूला नारळाचं दूध. आबा ते बघत उभे होते. अक्का आत देवपूजा करत होत्या, पाठमोऱ्या. आबांनी कुदळ काढली.

दुपारी उमू उघडायच्या वेळी अक्का दारात आल्या. उंबऱ्यावर क्षणभर थांबल्या, आणि मग पदर खोचून परसात उतरल्या, कडुनिंबाच्याही पलीकडे. इतक्या वर्षांत त्या कधी तिकडे गेल्या नव्हत्या. आबा स्टुलावरून उठले. अक्का त्या स्टुलावर बसल्या.

आबांनी माती सारली, पोतं काढलं, पानं उचलली. पुरचुंड्या बाहेर आल्या. नेहमीसारखी एक त्यांनी आगाची म्हणून बाजूला ठेवली आणि दुसरी मला द्यायला लागले, तेव्हा अक्का बोलल्या. त्या माणसाला बायकापोरं होती का, असं त्यांनी विचारलं. आबा म्हणाले, दोन मुली होत्या, फोटो दाखवायचा. अक्का म्हणाल्या, मोठ्या झाल्या असतील. आबा म्हणाले, हो, झाल्या असतील.

"आता अठीच बसून खा," अक्का म्हणाल्या. "बागेत जाऊ नका."

आबा जमिनीवर बसले. पुरचुंडीची गाठ त्यांना सुटेना. अक्का खाली वाकल्या आणि केळीच्या पानाचा दोरा त्यांनी सोडवून दिला. अंडं असलेल्या त्या पानाला त्यांचा हात लागला. तो त्यांनी पदराला पुसला नाही. आबांनी पहिला घास घेतला, मान खाली घालून, आणि चावत राहिले. अक्का त्यांच्या तोंडाकडे एकटक बघत होत्या.

"मीठ कमी पडलं," त्या म्हणाल्या.

आबांनी वर पाहिलं. तू कुठे खाल्लंस, असं काहीतरी ते घास तोंडात ठेवूनच म्हणाले.

"मले काय खायची गरज," अक्का म्हणाल्या. "तुमचं तोंड दिसतं ना." आणि त्या मीठ आणायला उठल्या.